जुळणी कुणाच्या हवाली केलीस

वसू,

तू गेल्याचं अजून सगळ्यांना कळवूनही झालं नव्हतं, तेव्हा ‘जुळणी’च्या पानावर कुणीतरी इंग्रजीत विचारलं, ‘हा प्रकल्प मेला आहे का?’

त्या माणसाला काहीच माहीत नव्हतं. त्यानं एक दुरुस्ती पाठवली होती, तिला उत्तर आलं नव्हतं, म्हणून विचारलं. आपल्या धंद्यात हे असंच विचारतात. पण त्या सकाळी मी तुझ्या सप्तापूरच्या घरी पुढच्या खोलीत सतरंजीवर बसले होते. तुझे अप्पा आतून बाहेर यायला तयार नव्हते. आणि माझ्या फोनवर हा प्रश्न. मी तिथेच बसून लिहिलं, ‘प्रकल्प नाही. तो लिहिणारी गेली.’ खाली काही जणांनी रडके चेहरे टाकले. त्या रडक्या चेहऱ्यांच्या खाली लगेच एकानं विचारलं, ‘मग आता दुरुस्त्या आत कोण घेणार?’

तेव्हापासून मी चिडलेली आहे, आणि ती चीड फक्त त्यांच्यावर नाही. घरी येणारे लोक तुझ्याबद्दल चांगलं बोलतात. किती शांत होती, किती सोसलं, कुणाला कधी दुखवलं नाही. मी मान हलवते. मला सांगावंसं वाटतं की तिनं मला दुखवलंय, आणि ते विचारपूर्वक, पूर्ण शुद्धीत दुखवलंय. पण हे तिथे बोलता येत नाही, म्हणून तुलाच लिहिते.

आपण हुबळीत लॅमिंग्टन रोडच्या मागच्या गल्लीत वरच्या मजल्यावर ऑफिस घेतलं तेव्हा माझ्या वडिलांना आपण काय करणार ते नीट कळलं नव्हतं. त्यांचं भांड्यांचं दुकान. मुलगी वेबसाइटी करून देणार एवढं त्यांना पुरे होतं. अप्पांना मात्र सगळं समजून घ्यायचं होतं. जन्मभर कॉलेजात इतिहास शिकवलेला माणूस. एका रविवारी तू त्यांना आपलं काम दाखवत होतीस आणि स्क्रीनवर लायब्रऱ्यांची, म्हणजे दुसऱ्यांनी लिहून ठेवलेल्या तयार कोडची, लांबच लांब यादी सरकत होती. अप्पा चष्मा काढून म्हणाले, “म्हणजे हे सगळं तुम्ही लिहिलेलं नाही? दुसऱ्यांचं उतरवून घेता?”

“उतरवून नाही अप्पा, संदर्भ देतो,” तू म्हणालीस. “तुम्ही तुमच्या पुस्तकात दुसऱ्याच्या पुस्तकाचा संदर्भ देता की नाही, तसंच. फक्त इथे संदर्भ दिला की ते अख्खं पुस्तकच घरात येऊन बसतं. आणि त्या पुस्तकानं ज्यांचे संदर्भ दिलेत ती पुस्तकंही त्याच्यामागून येतात.”

“सगळी वाचता?”

मी हसले. तू हसली नाहीस. “वाचायला पाहिजेत,” म्हणालीस. “आणि कुठली आवृत्ती घेतली तेही पक्कं ठेवायला पाहिजे. उद्या त्यानं नवी आवृत्ती काढली आणि तुमचं पान चुकलं तर?”

अप्पांना ते लगेच पटलं. आपण ज्या भाषेत कोड लिहायचो त्या पीएचपीतल्या लायब्रऱ्यांचं सगळं व्यवस्थापन तू एवढ्यात सांगून मोकळी झालीस. नंतर नवीन पोरं कामाला आली तेव्हा मीही त्यांना हेच सांगत आले, तुझं नाव न घेता.

आणि तू खरंच वाचायचीस. दर सोमवारी आपण खालून चहा मागवायचो आणि त्या आठवड्यात कुठल्या लायब्रऱ्यांच्या नव्या आवृत्त्या आल्या ते बघायचो. मला पटापट संपवायचं असायचं. चालतंय ते चालू दे, हात कशाला लावायचा, हे माझं मत. तुझं म्हणणं, दर आठवड्याला थोडं थोडं बघितलं नाही तर एक दिवस सगळं एकदम अंगावर येतं. तू अनोळखी माणसांचा कोड वाचायचीस आणि त्यांच्याबद्दल शेजाऱ्यापाजाऱ्यांसारखी बोलायचीस. “ह्याच्या परीक्षा चालू आहेत गं, म्हणून दुरुस्तीला उशीर.” “हिला बाळ झालंय वाटतं, आता भराभर लिहायला लागलीय, झोप नसणार.” त्या लोकांना तू आभाराच्या दोन ओळी पाठवायचीस. मी म्हणायचे, त्यांना कोण तू हेही माहीत नाही. तू म्हणायचीस, “मला त्यांचं काम माहीत आहे की.”

त्या सोमवारांत मी दुसऱ्याचा कोड वाचायला शिकले. कॉलेजनं ते शिकवलं नव्हतं. हे मी तुला कधी म्हटलं नाही. तू ‘इरली बिडु’ म्हणाली असतीस, असू दे म्हणून उडवून लावलं असतंस, आणि मला तुझं ते उडवून लावणं आवडायचं नाही.

‘जुळणी’ तू का लिहिलीस हे आता फार थोड्यांना माहीत आहे. हुबळीतल्या एका दवाखान्याची पेशंट नोंदणीची वेबसाइट आपण केली होती. तिथे अळणावरची एक बाई आली, मंजुळा गावडे. तिचं नाव एकदा कुणी कन्नडमध्ये घातलं होतं, एकदा इंग्रजीत, आडनावात डब्ल्यू घालून. यंत्राच्या लेखी त्या दोन बायका. एका मंजुळेच्या नोंदीत लाल अक्षरात होतं की पेनिसिलिन द्यायचं नाही. दुसरीच्या नोंदीत काही नव्हतं, आणि नर्सच्या समोर उघडली होती दुसरी. सुई भरली गेली होती. औषधाचं नाव कानावर पडलं तशी मंजुळाबाईच उठून बसली आणि म्हणाली, “बाई, मला ही सुई चालत नाही. मागं लिहून घेतलंय की तुम्ही.”

ती बोलली म्हणून वाचली. आपल्याला ते दवाखान्यातून फोनवर कळलं. लहानपणीच्या तापानं तुझी हृदयाची झडप बिघडलेली. तेव्हापासून दर महिन्याला तुला पेनिसिलिनचंच इंजेक्शन लागायचं. तू मला म्हणालीस, “मला जी सुई जगवते त्या सुईनं ती मेली असती, शैला. आणि मारणारे आपण.”

इथे कुणाचं नाव एका लिपीत राहतं? घरात मराठी, शाळेत कन्नड, बँकेत इंग्रजी. कुलकर्णींच्या इंग्रजी नावात कधी एक ‘ए’ जास्त, कधी कमी. तू सगळी गुंतागुंत घेऊन बसलीस, आणि तिन्ही लिप्यांतली नावं ताडून बघणारी एक छोटी लायब्ररी लिहिलीस. तिचा एक नियम तू सगळ्यांत वर ठेवला होतास. शंका आली तर यंत्रानं नावं आपणहून जुळवायची नाहीत. समोरच्या माणसाला विचारायचं. ‘ही तीच बाई का?’ काउंटरवरच्या मुली कुरकुरायच्या की हे सारखं विचारतं. तू त्यांना म्हणायचीस, “विचारू दे. विचारल्यानं कुणी मरत नाही.”

मग तू ती सगळ्यांसाठी खुली करून टाकलीस. कुणीही घ्या, कुणीही वापरा. मी म्हटलं, निदान मोठ्या कंपन्यांना तरी अट घाल. तू म्हणालीस, “आपण किती लोकांचं असंच घेतो? तेव्हा कुणी अट घातली का?” ते खरं होतं. पण खरं असलं म्हणून राग जात नाही.

बेंगळुरूच्या त्या कंपनीनं ‘जुळणी’ घेतली हे आपल्याला त्यांच्या पहिल्या तक्रारीवरून कळलं. दवाखान्यांसाठी मोठं सॉफ्टवेअर विकणारी कंपनी, सीमेच्या दोन्ही बाजूंना गिऱ्हाइकं. ‘तातडीचे’ असं वर लिहून त्यांनी चूक कळवली होती, नमस्कारसुद्धा नव्हता. तू ती दुरुस्त केलीस. मग दुसरी आली, मग येतच राहिल्या. तेव्हा तुला जिना चढताना दम लागायला सुरुवात झाली होती. मधल्या वळणावर तू थांबायचीस आणि फोन बघतेय असं दाखवायचीस. वर येऊन पुन्हा त्यांच्या तक्रारी उघडायचीस. आपल्या स्वतःच्या गिऱ्हाइकांची कामं मी बघत होते, कारण तुझा अर्धा दिवस त्या लोकांत जायचा ज्यांनी तुझं नावही नीट लिहिलं नव्हतं. ‘प्रिय वासुदा’ म्हणून मेल यायची. नावं जुळवणाऱ्या बाईचं नाव.

त्यानंतरची गोष्ट मला परत परत आठवते, आणि प्रत्येक वेळी माझी बाजू बरोबर वाटते.

‘जुळणी’ स्वतः एका इवल्याशा लायब्ररीवर अवलंबून होती. जोडाक्षरं फोडून देणारी, कुठल्या तरी लांबच्या देशातल्या एका माणसाची. तो माणूस थकला होता. त्यानं तुला एकदा लिहिलं होतं की वडील आजारी आहेत, आता जमत नाही. मग कुणीतरी गोड बोलून त्याच्याकडे आलं, मी सांभाळतो म्हणालं, आणि त्यानं किल्ल्या देऊन टाकल्या. त्या नव्या माणसानं काढलेल्या पहिल्याच आवृत्तीत विष होतं. ती ज्या सर्व्हरवर जाईल तिथली माहिती गुपचूप बाहेर पाठवायची.

आपल्या एकाही गिऱ्हाइकाला धक्का लागला नाही. आपल्या प्रत्येक कामात लॉक फाइल होती, कुठली आवृत्ती घ्यायची ते ठरलेलं, आणि सोमवारी वाचल्याशिवाय आपण काही नवीन आत घेत नव्हतो. त्या कंपनीनं लॉक फाइल ठेवलीच नव्हती. त्यांचं यंत्र दर वेळी जे सगळ्यांत ताजं असेल ते ओढून थेट चालू सर्व्हरवर टाकायचं. विष आलं, त्यांनी ते आत घेतलं, आणि त्यांच्या दवाखान्यांतल्या पेशंटांची नावं, फोन नंबर, आजार बाहेर गेले.

सकाळी त्यांच्या मॅनेजरचा फोन आला. तू स्पीकरवर ठेवलास. आपल्याच भागातला, मराठी बोलणारा माणूस.

“मॅडम, तुमच्या पॅकेजमुळे झालंय हे. आमच्या गिऱ्हाइकांना काय सांगू मी? तुम्ही लेखी द्या.”

मी मध्ये बोलले, “तुम्ही लॉक फाइल का ठेवली नाही?”

“तुम्ही कोण बोलताय?”

तू मला हातानं गप्प केलंस. “किती दवाखाने?” एवढंच तू विचारलंस. त्यानं सांगितलं नाही. तू त्याच बैठकीत ती इवलीशी लायब्ररी काढून टाकलीस, जोडाक्षरं फोडायचा भाग स्वतः लिहिलास, आणि दुपार टळायच्या आत ‘जुळणी’ची स्वच्छ आवृत्ती बाहेर गेली. जेवली नाहीस. ओठ निळसर दिसत होते. मी म्हटलं, झोप आता. तू म्हणालीस, एक राहिलंय. आणि तू माफीनामा लिहिलास, सगळ्या जगाला दिसेल असा. ‘ही लायब्ररी मी निवडली होती. ती निवड माझी चूक होती. मला माफ करा.’

मी तुझ्यावर ओरडले. खालच्या दुकानातला माणूस वर बघायला आला इतकी ओरडले.

“तू का माफी मागतेस? विष तू घातलंस? लॉक त्यांनी ठेवलं नाही!”

“मी त्यांना त्या घराचा पत्ता दिला, शैला.”

“मग ‘जुळणी’त ठाम आवृत्ती लिहायची होतीस! हीच, दुसरी नाही. खिळा मारून टाकायचा.”

“लायब्ररीत खिळा मारला की दुरुस्तीही पुढे पोचत नाही. लायब्ररीनं मोकळं ठेवायचं, वापरणाऱ्यानं लॉक करायचं. हे तुला माहीत आहे.”

“मला माहीत आहे. त्यांना माहीत नाही. आणि माफी तू मागायची?”

“त्यांच्यापैकी कुणी मागणार आहे का?” तू म्हणालीस. “कुणीतरी मागायला पाहिजे की. लोकांचे आजार बाहेर गेलेत.”

त्यांच्यापैकी कुणी मागितली नाही. त्यांनी स्वतःच्या पानावर सूचना लावली की बाहेरच्या एका घटकामुळे हा प्रकार झाला, आणि त्या घटकाचं नाव लिहिलं, ‘जुळणी’. खाली तुझ्या माफीनाम्याचा दुवा दिला, पुरावा म्हणून. मग जगभरातून लोक येऊन तुला बेजबाबदार म्हणू लागले. तू त्यांना उत्तरं देत बसलीस. मधेच वेळ काढून त्या थकलेल्या परदेशी माणसालाही लिहिलंस, कारण त्याला तुझ्याहून जास्त शिव्या पडत होत्या. ‘वडील कसे आहेत?’ असं विचारलंस त्याला. तुला मात्र कुणी विचारलं नाही, तुझ्या झडपेचं काय झालं.

हे भांडण आपण पुन्हा काढलं नाही. मी थांबले होते. झडपेचं ऑपरेशन होऊन तू बरी झालीस की तुला सोमवारच्या चहाला समोर बसवून मी सगळं परत काढणार होते, आणि या वेळी तू थकलेली नसतीस, म्हणून मला गप्प राहावं लागलं नसतं. मी मनात वाक्यं जुळवून ठेवली होती. चांगली वाक्यं होती, वसू.

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी दुपारी मी दवाखान्यात आले तेव्हा तू लॅपटॉप मागितलास. मी नाही म्हटलं. तू म्हणालीस, “थोडा वेळ दे गं. एक काम उरकते, मग तुझ्या ताब्यात.” मला वाटलं, कुणाची तक्रार असेल. मी खिडकीशी उभी राहून तुझ्यासाठी मोसंबं सोलत होते. तू टाइप केलंस, झाकण मिटलंस आणि माझ्याकडे देऊन म्हणालीस, “झालं.” चेहरा इतका मोकळा होता की मला बरं वाटलं. मी तुला मोसंब्याच्या फोडी दिल्या. आपण तुझ्या वॉर्डातल्या बाईच्या घोरण्यावर हसलो.

तू परत आली नाहीस, आणि काही दिवसांनी तो मॅनेजर सप्तापूरला आला. बूट दाराशी नीट जोडून ठेवले. अप्पांसमोर खाली बसला. वाईट झालं म्हणाला. मॅडमसारखी माणसं आता मिळत नाहीत म्हणाला. मी चहा दिला, कारण घरात दुसरं कुणी नव्हतं. मग तो म्हणाला, “मॅडमनी आमच्यावर विश्वास टाकला याचं आम्हाला फार आहे. ‘जुळणी’ आम्ही चांगली सांभाळू. पानावर त्यांना श्रद्धांजली टाकायची आहे, एक फोटो मिळाला असता तर…”

मला वाटलं, मला नीट ऐकू आलं नाही. मी विचारलं, “कुणी काय टाकलं?”

“ऑपरेशनच्या आधी त्यांनीच सगळे अधिकार आमच्या नावे केले ना,” तो म्हणाला. “तुम्हाला माहीत असेल असं वाटलं.”

अप्पांनी माझ्याकडे बघितलं नाही. त्यांना माहीत होतं. ते उठले, आत गेले आणि तुझा फोटो घेऊन आले, कॉलेजच्या पायऱ्यांवरचा. तो त्यांनी त्या माणसाच्या हातात दिला. त्यानं मोबाइलवर फोटोचा फोटो काढून घेतला, वाकून नमस्कार केला आणि गेला.

मी अप्पांना विचारलं, “का?”

“ती म्हणाली, मोठी कंपनी आहे, माणसं आहेत त्यांच्याकडे. लायब्ररी टिकेल.”

“मी होते की.”

“तेही म्हटलं मी तिला. ती म्हणाली, शैलाला यात अडकवायचं नाही. माझी अर्धी कामं तिनंच ओढलीत इतकी वर्षं. तिला आता मोकळं सोडायचं.”

“मग मला विचारायचं तरी!”

अप्पांनी त्या माणसाचा चहाचा कप उचलून बाजूला ठेवला. मग म्हणाले, “मीही तेच म्हटलं. तिला विचार तरी. तर म्हणाली, ‘विचारलं तर ती हो म्हणेल, अप्पा.’”

यंत्राला तू शिकवलंस, शंका आली की माणसाला विचार. अळणावरच्या अनोळखी बाईला विचारायला हवं, हे तुला कळत होतं. मला नाही विचारलंस. माझं उत्तर तू स्वतःच धरून चाललीस, आणि ते बरोबर होतं, म्हणून तर जास्त जळतं. ज्यांनी तुला जगासमोर उभं करून शिव्या खाऊ दिल्या त्यांच्या हातात तू ‘जुळणी’ दिलीस, आणि मला दिलीस ती मोकळीक. मी कधी मागितली होती? तुझी कामं ओढली ती ओझं म्हणून नाही ओढली, वसू. तू ज्याला अडकणं म्हणालीस ते माझं आयुष्य होतं. ते तू काढून घेतलंस आणि वर फोडी खात माझ्याबरोबर हसलीस.

पुढचं तुला सांगायलाच हवं.

त्यांनी तुझा फोटो पानावर लावला. त्याच आठवड्यात नवी आवृत्ती काढली. मी ती ओळ न् ओळ वाचली. विचारायचा भाग काढून टाकला होता. गिऱ्हाइकांच्या तक्रारी होत्या म्हणे, काउंटरवर वेळ जातो. आता शंका आली की यंत्र आपणहून जुळवून टाकतं. आणि काम भराभर व्हावं म्हणून त्यांनी ‘ळ’ आणि ‘ल’ एकच धरले. लवकरच एका छोट्या दवाखान्यानं पानावर लिहिलं की त्यांच्याकडची कमळा आणि कमला, आडनाव एक, गाव एक, दोघी मिळून एकच बाई झाली आहे. एकीच्या गोळ्या दुसरीच्या नोंदीत दिसतात. कंपनीनं उत्तर दिलं, ‘हे अपेक्षित वर्तन आहे.’ आणि तक्रार बंद करून टाकली.

ते वाचून मी तुझी शेवटची आवृत्ती काढली. तू ती खुली ठेवली होतीस, तेव्हा घ्यायला मला कुणाची परवानगी लागत नव्हती; तुझीसुद्धा नाही. वेगळ्या नावानं बाहेर ठेवली. ‘ळ’ जागच्या जागी, विचारणं जागच्या जागी. त्या दवाखान्याला कळवलं की ही घ्या, आणि लॉक करून घ्या.

आभार आले नाहीत. तिथल्या माणसानं उलट विचारलं, “तुम्ही कोण? मूळ पॅकेज सोडून आम्ही तुमच्यावर विश्वास का ठेवायचा?”

प्रश्न रास्त होता. गोड बोलून किल्ल्या घेणारे असेच येतात. तुझी मैत्रीण आहे असं लिहावंसं वाटलं, पण त्यानं काय सिद्ध होतं? मी लिहिलं, “ठेवू नका. कोड समोर आहे, वाचून बघा.”

आणि त्यानं खरंच वाचला. फार दिवसांनी कुणी तुझा कोड असा बसून वाचला असेल. मग त्यानं कळवलं की यात एक चूक आहे, आणि ती पहिल्यापासून आहे. कुऱ्हाडे, गोऱ्हे, अशी आडनावं. त्यातला तो पापणीसारखा ‘र’ दोन तऱ्हांनी टाइप होतो, दिसायला मात्र एकच दिसतो. तू एकच तऱ्हा धरली होतीस. दुसऱ्या तऱ्हेनं टाइप केलेला कुऱ्हाडे आला की तुझी ‘जुळणी’ त्याला दर वेळी अनोळखी माणूस समजायची. मी आधी मानलंच नाही. तपासून बघितलं. तो म्हणत होता ते खरं होतं. तुझं शिक्षण कन्नड शाळेतलं. तो ‘र’ तुझ्या हाताच्या सवयीचा कधी झालाच नव्हता.

आपल्याकडे प्रत्येक ओळीपुढे ती कुणी लिहिली त्याचं नाव दिसतं. त्या फाइलीत वरपासून खालपर्यंत तुझंच नाव होतं. मी ती चुकलेली ओळ किती वेळ बघत बसले ते सांगत नाही. मग ती पुसली आणि तिथे दुसरी लिहिली. जतन केल्यावर तिच्यापुढे माझं नाव आलं, वर तुझं, खाली तुझं.

दुरुस्ती बरोबर आहे. तू असतीस तर पाठीवर थाप मारली असतीस. काल त्यानं आणखी दोन चुका पाठवल्या. त्याही खऱ्या आहेत. अशीच तुझ्या नावाची एकेक ओळ जात राहील, वसू, आणि प्रत्येक वेळी ती मलाच पुसावी लागेल.

शैला